विभागीय चौकशी आणि नैसर्गिक न्याय : चौकशी अहवालानंतरच्या टप्प्याचा विचार

प्रस्तावना

शासकीय कर्मचाऱ्याविरुद्धच्या विभागीय चौकशीत दोषारोप ठेवणारा, चौकशी अधिकारी नेमणारा आणि अखेरीस शिक्षा देणारा बहुधा एकच शिस्तभंगविषयक प्राधिकारी असतो. न्यायालयात ही कामे एका हाती दिली जात नाहीत. प्रशासनात शिस्त राखण्याची जबाबदारी प्रशासनावरच असल्याने ती दिली जातात. म्हणूनच येथे कार्यपद्धतीतील न्याय्यतेला विशेष महत्त्व प्राप्त होते. या विषयाच्या चर्चेत दोषारोपपत्र, साक्षीपुरावा व उलटतपासणी यांवर भर असतो. चौकशी अधिकाऱ्याने अहवाल सादर केल्यानंतर काय घडते, याकडे मात्र दुर्लक्ष होते. वस्तुतः कर्मचाऱ्याच्या उपजीविकेचा निर्णय याच टप्प्यावर होतो.

दुसऱ्या संधीचा लोप

भारतीय संविधानाच्या अनुच्छेद 311(2) अन्वये बडतर्फी, सेवेतून काढून टाकणे किंवा पदावनती यांपूर्वी कर्मचाऱ्यास आरोप कळविणे व बाजू मांडण्याची वाजवी संधी देणे आवश्यक आहे. ‘वाजवी संधी’ची तीन अंगे सर्वोच्च न्यायालयाने खेमचंद प्रकरणात 1957 साली स्पष्ट केली : आरोप नाकारण्याची संधी, साक्षीदारांची उलटतपासणी व स्वतःचा पुरावा यांद्वारे बचावाची संधी, आणि प्रस्तावित शिक्षेविरुद्ध निवेदनाची संधी. यांपैकी तिसरी संधी 1976 च्या 42 व्या घटनादुरुस्तीने काढून टाकली. शिक्षेबाबत नोटीस देण्याचे बंधन गेले, तेव्हा अहवालाची प्रत देण्याचीही गरज उरली नाही, असा अर्थ अनेक ठिकाणी लावला गेला.

हा अर्थ टिकला नाही. मोहम्मद रमजान खान प्रकरणात (1990) सर्वोच्च न्यायालयाने शिक्षेबाबतची संधी आणि दोषसिद्धीबाबतची संधी यांत भेद केला. चौकशी अधिकारी हा स्वतः प्राधिकारी नसेल, तर त्याचा अहवाल ही प्राधिकाऱ्यासमोर आलेली नवी सामग्री होय. ती कर्मचाऱ्यास न दाखविता तिच्या आधारे त्याला दोषी ठरविणे, म्हणजे त्याच्या पाठीमागे दिलेल्या मतावर विसंबणे होय. इलेक्ट्रॉनिक्स कॉर्पोरेशन ऑफ इंडिया विरुद्ध बी. करुणाकर प्रकरणात (1993) घटनापीठाने हे तत्त्व कायम केले; इतकेच नव्हे, तर ते शासकीय वा खासगी अशा सर्वच आस्थापनांना लागू असल्याचे सांगितले. अनुदानित महाविद्यालयातील अध्यापक अनुच्छेद 311 च्या कक्षेत येत नाहीत. त्यांच्या दृष्टीने हा भाग म्हणूनच लक्षणीय आहे.

मात्र त्याच निकालाने एक मर्यादाही घातली. प्रत न दिल्यामुळे प्रत्यक्ष बाध आला, हे कर्मचाऱ्याने दाखविले पाहिजे; अन्यथा केवळ त्या कारणाने आदेश रद्द होणार नाही. ही कसोटी व्यवहार्य आहे, यात शंका नाही. निव्वळ तांत्रिक उणिवेवर सिद्ध झालेला गैरव्यवहार सुटू नये, हा हेतू रास्तच होय. परंतु ‘प्रत दिली असती तरी काय फरक पडला असता’ हा प्रश्न निर्णय झाल्यावर विचारणे सोपे असते, आणि त्याचे उत्तर ‘काहीच नाही’ असे देणे त्याहूनही सोपे. चूक करणाऱ्या कार्यालयाला त्यातून अभय मिळू शकते.

मतभेदाचा प्रसंग

खरा पेच उद्भवतो तो चौकशी अधिकाऱ्याने कर्मचाऱ्यास निर्दोष ठरविल्यावर. प्राधिकारी त्या निष्कर्षाशी बांधील नसतो. महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, 1979 नुसारही तो कारणे नमूद करून भिन्न मत देऊ शकतो. कर्मचारी मात्र अहवाल आपल्या बाजूने असल्याच्या समजुतीत असतो आणि स्वाभाविकच गाफील राहतो. पंजाब नॅशनल बँक विरुद्ध कुंजबिहारी मिश्रा प्रकरणात (1998) न्यायालयाने ठरविले, की अशा वेळी मतभेदाची तात्पुरती कारणे कळवून म्हणणे मांडू दिलेच पाहिजे, मग नियमांत तशी तरतूद असो वा नसो.

यातील ‘तात्पुरती’ हा शब्द कळीचा आहे. त्याचा अर्थ महाराष्ट्रातील योगिनाथ बागडे प्रकरणात (1999) स्पष्ट झाला. संबंधित कर्मचारी स्वतः न्यायिक अधिकारी होते. चौकशीत आरोप सिद्ध झाले नव्हते. उच्च न्यायालयाच्या शिस्तपालन समितीचे मत वेगळे पडले. त्यांना नोटीस दिली गेली, कारणेही कळविली गेली. पण तोपर्यंत समितीने दोषसिद्धीचा अंतिम निर्णय घेऊन टाकला होता. सर्वोच्च न्यायालयाने बडतर्फी रद्द केली. कागदोपत्री संधी होती. ती देताना मन मात्र मोकळे राहिले नव्हते.

कार्यालयीन व्यवहारात नोटिशीच्या मसुद्यातच ही चूक दडलेली असते. ‘प्राधिकाऱ्याने आरोप सिद्ध झाल्याचे निश्चित केले आहे, आपले म्हणणे पंधरा दिवसांत सादर करावे’ अशा वाक्याच्या पूर्वार्धाने उत्तरार्ध निरर्थक ठरतो. त्याऐवजी चौकशी अधिकाऱ्याचा कोणता निष्कर्ष, कोणत्या साक्षीमुळे वा दस्तऐवजामुळे प्राधिकाऱ्यास प्रथमदर्शनी अमान्य वाटतो, हे लिहिले तर कर्मचारी नेमके उत्तर देऊ शकतो. त्या उत्तराचा विचार झाल्याचे अंतिम आदेशात दिसणेही तितकेच आवश्यक आहे. ‘खुलासा समाधानकारक नाही’ एवढा एका ओळीचा शेरा हा विचार ठरत नाही, आणि अपिलात तो क्वचितच टिकाव धरतो.