तुरुंगांतील आई आणि घरचें मूल

सहा वर्षें पुरीं झालीं कीं मूल पहिलीच्या वर्गांत बसतें. आई तुरुंगांत असेल व मूल तिच्याजवळ वाढत असेल, तर नेमकें त्याच वयांत त्यास तिला सोडून बाहेर यावें लागतें. जन्मभर शिक्षकी केलेल्या माणसास हा योग सहजासहजीं दृष्टीआड करतां येत नाहीं.

सर्वोच्च न्यायालयानें १३ एप्रिल २००६ रोजीं, आर. डी. उपाध्याय विरुद्ध आंध्र प्रदेश राज्य या प्रकरणांत, याविषयीं सविस्तर आदेश दिले. सहा वर्षांपर्यंत मूल आईपाशीं राहूं शकतें. त्यास कैदी समजूं नये. योग्य आहार, औषधोपचार, पाळणाघर व शिक्षण त्यास मिळावें. जन्म तुरुंगांत झालाच, तर दाखल्यावर तुरुंगाचें नांव येऊं नये. शाळेचें दाखल-खारीज पुस्तक ज्यानें लिहिलें आहे, त्यास या अटीचें मोल सांगावयास नको.

सहा वर्षांनंतर आईच्या इच्छेप्रमाणें मूल योग्य व्यक्तीच्या स्वाधीन होतें, नाहींतर समाजकल्याण खात्याच्या संस्थेंत जातें. संस्था शक्यतों तुरुंगाच्याच गांवीं असावी व आठवड्यांतून एकदां तरी भेट व्हावी, असें न्यायालय म्हणतें. पण जें मूल आजीकडे येतें त्याचें काय? महाडजवळच्या आमच्या सव गांवची एखादी स्त्री येरवड्याच्या महिला कारागृहांत आहे असें समजा. वरंध घाट चढून, भोरवरून पुणें गांठावयाचें. पावसाळ्यांत दरडींमुळें तो घाट पुष्कळदां बंद. आजीची मजुरी बुडते, नातवाची शाळा बुडते. घरची माया लाभलेलें मूलच आईस दुरावतें! ही उणीव मला फार खटकते.

महाराष्ट्रांतील कारागृहांत अलीकडे ‘गळाभेट’ नांवाचा उपक्रम झाला आहे. त्यांत जाळीचा अडसर नसतो. मुलास आईच्या कुशींत बसतां येतें. उपक्रम उत्तम, परंतु तेथवर पोंचावें तर लागतेंच.

उरतें तें पत्र. आजीस लिहितां येत नसेल तर वर्गशिक्षकानें मुलाकडून लिहवून घ्यावें. टपाल तुरुंगाधिकारी तपासून मगच देतात, म्हणून मजकूर साधा असावा: पुढचा दांत पडला, गाय व्याली, पाढे बारापर्यंत आले.