अँटीव्हायरस आहे, पण चालतोय का?

पेणच्या खारेपाटात समुद्राच्या बाजूचा बांध वरून पाहिला तर धडधाकट दिसतो. माती बसलेली, वर गवत, चालायला पायवाट. आतून खेकड्यांनी तो पोखरलेला असतो, ते दिसत नाही. उधाणाची भरती येते, बांधाला खांड जाते, खारं पाणी भाताच्या शेतात शिरतं आणि तेव्हा कळतं की बांध केव्हाच कामातून गेला होता. कॉम्प्युटरमधल्या अँटीव्हायरसचं नेमकं असंच होतं. पडद्याच्या खालच्या उजव्या कोपऱ्यात ढालीचं चित्र असतं, मालक निर्धास्त असतो. संरक्षण मात्र कधीतरी, कुणालाही न सांगता, बंद पडलेलं असतं.

रायगड जिल्ह्यात आता कॉम्प्युटरवाचून कुणाचं चालत नाही. पेण, हमरापूर, जोहे भागातल्या गणपतीच्या कारखान्यांत ऑर्डरची यादी, मूर्तींचे फोटो, जीएसटीची बिलं सगळं एकाच मशीनवर असतं. रोह्यात धाटावच्या एमआयडीसीला मजूर पुरवणाऱ्या कंत्राटदाराची हजेरी, पतसंस्थेची खाती, झेरॉक्सच्या दुकानात दिवसभर येणारे पेनड्राइव्ह, सेतू केंद्रातले दाखले, यांचंही तेच. यांतल्या बहुतेक ठिकाणी ‘अँटीव्हायरस टाकलाय ना?’ एवढाच प्रश्न विचारला जातो. तो चालतोय का, हे कुणी विचारत नाही. माझा आग्रह या दुसऱ्या प्रश्नासाठी आहे.

संरक्षण गृहीत धरणं किती महाग पडू शकतं, ते पेणच्या शेजारच्याच उरण तालुक्यात दिसलं होतं. २७ जून २०१७ रोजी न्हावा शेवाच्या जेएनपीटी बंदरातलं ‘गेटवे टर्मिनल्स इंडिया’ हे टर्मिनल ठप्प झालं. ते चालवणारी एपीएम टर्मिनल्स ही डेन्मार्कच्या मर्स्क समूहातली कंपनी, आणि त्या दिवशी मर्स्कचं जगभरातलं जाळं ‘नॉटपेट्या’ नावाच्या व्हायरसने उद्ध्वस्त केलं. कोणता कंटेनर कुठे ठेवलाय हे सांगणारी यंत्रणाच गेली. कामं हाताने करायची वेळ आली, गाड्या खोळंबल्या, बोटी दुसऱ्या टर्मिनलकडे वळवाव्या लागल्या. समुद्रमार्गे परदेशी जाणाऱ्या पेणच्या मूर्तींचा रस्ताही याच बंदरातून जातो.

नॉटपेट्या आत शिरला तो युक्रेनमधल्या एका हिशेबाच्या सॉफ्टवेअरच्या अपडेटमधून. म्हणजे ज्यावर विश्वास ठेवायचा त्याच वाटेने. पुढे पसरण्यासाठी त्याने विंडोजमधलं एक भोक वापरलं, जे बुजवणारं अपडेट मायक्रोसॉफ्टने मार्च २०१७ मध्येच दिलं होतं. शिवाय त्याने मशीनमधून पासवर्ड चोरले आणि विंडोजच्याच अधिकृत साधनांनी एका कॉम्प्युटरवरून दुसऱ्यावर उड्या मारल्या. समोर कोणता अँटीव्हायरस चालू आहे हे पाहून तो आपली चालही बदलत असे. मर्स्कला सुमारे ४,००० सर्व्हर आणि ४५,००० कॉम्प्युटर दहा दिवसांत नव्याने उभे करावे लागले, नुकसान २५ ते ३० कोटी डॉलरच्या घरात गेलं. कंपनीच्या सगळ्या जाळ्याची किल्ली म्हणावी अशी जी माहिती होती, तिची एकच धड प्रत सापडली, घाना देशातल्या कार्यालयात. कारण हल्ल्याच्या वेळी तिथली वीज गेलेली होती आणि ते मशीन जाळ्यापासून तुटलेलं होतं. ही गोष्ट मी पुढे बॅकअपच्या संदर्भात पुन्हा काढणार आहे.

आता मूळ मुद्द्याकडे. अँटीव्हायरस दोन प्रकारे काम करतो. एक, त्याच्याकडे ओळखीच्या व्हायरसच्या खुणांची यादी असते आणि प्रत्येक फाइल तो त्या यादीशी ताडून पाहतो. दोन, एखादा प्रोग्रॅम संशयास्पद वागतोय का, धडाधड शेकडो फाइली बदलतोय का, यावर नजर ठेवतो. दोन्हींसाठी तो ताजा लागतो. साताऱ्याच्या रहिमतपूरहून आलेल्या कैलास काटकरांनी पुण्यात कॅल्क्युलेटर दुरुस्तीपासून सुरुवात केली आणि १९९० च्या दशकात धाकटे भाऊ संजय यांनी डॉसवर चालणारा अँटीव्हायरस लिहिला, तोच पुढे ‘क्विक हील’ झाला. २०१६ मध्ये ती कंपनी शेअर बाजारात आली. मराठी माणसाने अभिमान बाळगावा असं हे काम आहे. त्या काळी नवी यादी फ्लॉपीवरून आली तरी चालून जायचं, कारण व्हायरसही फ्लॉपीवरूनच फिरायचे. आज यादी दिवसातून अनेकदा बदलते. दोन महिन्यांपूर्वीची यादी घेऊन बसलेला अँटीव्हायरस जुन्या व्हायरसांपुरताच कामाचा.

म्हणून ढालीच्या चित्रावर समाधान मानू नका. ते उघडा आणि शेवटचं अपडेट कधीचं आहे ती तारीख पाहा. विंडोज १० किंवा ११ असेल तर स्टार्टमध्ये ‘विंडोज सिक्युरिटी’ लिहून उघडा. व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शनमध्ये कोणता अँटीव्हायरस राखण करतोय आणि त्याची यादी कधीची आहे, दोन्ही दिसतं. तारीख आजची किंवा कालची हवी. ‘रिअल-टाइम प्रोटेक्शन’ चालू हवं. यात काही खोट दिसली की लोक थेट व्हायरसचा संशय घेतात आणि फॉरमॅट मारायला मशीन घेऊन जातात. बऱ्याचदा कारण अगदी साधं असतं.

सगळ्यात साधं आणि सगळ्यात दुर्लक्षित कारण म्हणजे कॉम्प्युटरचं घड्याळ. मदरबोर्डवर रुपयाच्या नाण्यासारखी चपटी बॅटरी असते, सीआर २०३२ नावाची. मशीन बंद असताना तारीख-वेळ राखण्याचं काम तिचं. काही वर्षांनी ती संपते, आणि मग वीज गेली की कॉम्प्युटर पुन्हा कुठल्या तरी जुन्या सालात जाऊन उभा राहतो. अपडेट देणारा सर्व्हर खरा आहे की बनावट हे कॉम्प्युटर एका डिजिटल प्रमाणपत्रावरून ठरवतो, आणि त्या प्रमाणपत्राला सुरुवातीची व शेवटची तारीख असते. कॉम्प्युटरच्या लेखी आज २०१५ साल असेल, तर २०२५ चं प्रमाणपत्र त्याला अवैध वाटतं. तो जोडणीच नाकारतो. इंटरनेट चालू, लायसन्स भरलेलं, तरी अपडेट येत नाही. ३ जून २०२० ला निसर्ग चक्रीवादळ आलं तेव्हा जिल्ह्यातल्या कित्येक गावांत दिवसेंदिवस वीज नव्हती. अशा लांब खंडानंतर अशक्त झालेली बॅटरी हमखास दगा देते. आपल्याकडे वीज जाण्याचं प्रमाण पाहता, अँटीव्हायरसची तक्रार आली की मी आधी कोपऱ्यातली तारीख पाहायला सांगेन. बॅटरी थोडक्या पैशांत मिळते आणि ती बदलणं पाच मिनिटांचं काम आहे.

त्यानंतर लायसन्स. नव्या लॅपटॉपबरोबर महिन्या-दोन महिन्यांचा मोफत अँटीव्हायरस आलेला असतो. मुदत संपते, तो ‘रिन्यू करा’ म्हणत राहतो, आपण ती खिडकी बंद करत राहतो. विंडोजचा स्वतःचा डिफेंडर दुसरा अँटीव्हायरस दिसला की बाजूला होतो. मुदत संपलेला तसाच अर्धवट बसून राहिला तर डिफेंडर लगेच पुढे येईलच असं नाही. पैसे भरायचे असतील तर भरा, नसतील तर तो काढून टाका. काढताना सेटिंग्जमधून अनइन्स्टॉल करून थांबू नका. बहुतेक कंपन्या मागे उरलेले तुकडे साफ करणारं वेगळं साधन आपल्या संकेतस्थळावर फुकट देतात, ते चालवा, मशीन रीस्टार्ट करा आणि डिफेंडर जागा झाला का पाहा. घरगुती वापरासाठी डिफेंडर पुरेसा आहे, असं माझं स्पष्ट मत आहे. एक पुरेना म्हणून दोन-दोन अँटीव्हायरस टाकण्याची हौस मात्र करू नका. दोघेही प्रत्येक फाइल उघडताना अडवतात, एकमेकांच्या कामात पाय घालतात, मशीन रखडतं, आणि शेवटी एक किंवा दोन्ही बंद पडतात.

आता दुखऱ्या जागेवर बोट ठेवतो. आपल्याकडे अँटीव्हायरस बंद पडण्याचं एक मोठं कारण आपणच असतो. फोटोशॉप, टॅली, ऑफिस, खुद्द विंडोज ‘क्रॅक’ करून टाकलेलं असतं. क्रॅकसोबतच्या सूचनेत पहिली ओळ असते: अँटीव्हायरस बंद करा. तो बंद केला जातो, आणि क्रॅकसोबत जे काय आलं ते त्याला पुन्हा उठू देत नाही. याची एक खूण ओळखून ठेवा. घरच्या मशीनवर रिअल-टाइम प्रोटेक्शनचं बटण फिकट झालेलं असेल आणि वर ‘ही सेटिंग तुमच्या अ‍ॅडमिनिस्ट्रेटरच्या ताब्यात आहे’ अशा अर्थाची इंग्रजी ओळ दिसत असेल, तर विचार करा, घरात अ‍ॅडमिनिस्ट्रेटर तर तुम्हीच आहात. मग ती सेटिंग कुणी लावली? बहुधा एक तर क्रॅकने, नाहीतर व्हायरसने. तिथेच ‘एक्स्क्लूजन्स’ ची यादी उघडून पाहा. जी फोल्डर तपासायची नाहीत ती त्या यादीत असतात. कधी कधी तिथे सबंध सी ड्राइव्ह लिहिलेला आढळतो. म्हणजे अँटीव्हायरस चालू, ढाल हिरवी, आणि तपासणी शून्य. अशी नोंद काढून टाका, आणि ‘टॅम्पर प्रोटेक्शन’ चालू करा. बाहेरच्या प्रोग्रॅमने डिफेंडरची सेटिंग बदलू नये यासाठीच ते आहे.

इथवर सगळं पाहूनही संरक्षण सुरू होत नसेल, तर मात्र व्हायरस आत आहे असं धरून चाला. मशीन इंटरनेटपासून तोडा, वायर काढा, वायफाय बंद करा. चालू विंडोजमध्ये बसलेला व्हायरस त्याच विंडोजमधून पकडणं अवघड, म्हणून विंडोज सिक्युरिटीच्या स्कॅन ऑप्शन्समधला ‘ऑफलाइन स्कॅन’ वापरा. मशीन रीस्टार्ट होऊन विंडोज पूर्ण उघडण्याआधीच तपासणी होते, साधारण पंधरा मिनिटं लागतात. केंद्र सरकारच्या सर्ट-इन या संस्थेने फेब्रुवारी २०१७ पासून ‘सायबर स्वच्छता केंद्र’ चालवलंय, तिथे सफाईची साधनं मोफत मिळतात. त्यानेही भागलं नाही तर फॉरमॅटला पर्याय नाही, पण विंडोजचा पेनड्राइव्ह दुसऱ्या, स्वच्छ मशीनवर तयार करून. आणि बँकेचे, ईमेलचे पासवर्ड फोनवरून किंवा दुसऱ्या कॉम्प्युटरवरून लगेच बदला. ब्राउझरमध्ये साठवलेले पासवर्ड उचलणं हाच आजच्या अनेक व्हायरसांचा मुख्य धंदा आहे.

दुरुस्तीनंतर अँटीव्हायरस खरंच जागा आहे का, हे तपासायची एक निर्धोक युक्ती आहे. आयकार या युरोपीय संस्थेने एक चाचणी फाइल बनवलीय, जेमतेम ६८ अक्षरांची. तिच्यात व्हायरस नाही, पण सगळ्या अँटीव्हायरस कंपन्यांनी तिला व्हायरस समजायचं असं ठरवलंय. आयकारच्या संकेतस्थळावरून ती उतरवायचा प्रयत्न करा. अँटीव्हायरसने तत्काळ अडवली तर तो जागा आहे. फाइल मुकाट येऊन बसली तर पुन्हा तपासणीला लागा.

‘तुमच्या अँटीव्हायरसची मुदत संपली, पाच व्हायरस सापडले’ असे लाल इशारे ब्राउझरमधून येतात, ते मात्र निव्वळ फसवणूक. कधीतरी एखाद्या साइटला ‘नोटिफिकेशन दाखवू का’ याला होकार दिलेला असतो, तिथून ते येतात. ब्राउझरच्या सेटिंग्जमध्ये जाऊन ती परवानगी काढा. त्यातल्या नंबरवर फोन करू नका, कुणाच्या सांगण्यावरून एनीडेस्कसारखं अ‍ॅप टाकून मशीन परक्याच्या हाती देऊ नका. पैसे गेलेच तर क्षणाचाही विलंब न करता १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर फोन लावा. रक्कम पुढे सरकण्याआधी खातं गोठवता येण्याची शक्यता त्या सुरुवातीच्या वेळातच असते.

झेरॉक्सवाल्यांसाठी वेगळं सांगायला हवं. पेनड्राइव्हमधली सगळी फोल्डर गायब होऊन त्याच नावाचे शॉर्टकट दिसणं, हे तिथलं रोजचं दुखणं. फाइली गेलेल्या नसतात, लपवलेल्या असतात. ‘हिडन आयटम्स’ दाखवायला सांगितलं की बऱ्याचदा दिसतात. शॉर्टकटवर क्लिक मात्र करायचं नाही, व्हायरस त्यानेच पसरतो. गिऱ्हाइकाकडून पेनड्राइव्हऐवजी ईमेलवर किंवा व्हॉट्सअ‍ॅपवर फाइल घेणं अधिक बरं, आणि ज्या मशीनवर परके पेनड्राइव्ह लागतात त्यावर दुकानाचं बँकिंग कधीही करू नये.

जुन्या विंडोजचाही विचार करा. विंडोज १० चा नियमित पाठिंबा १४ ऑक्टोबर २०२५ ला संपला. डिफेंडरची व्हायरस-यादी त्यावर २०२८ पर्यंत येत राहणार आहे, त्यामुळे ढाल हिरवीच दिसेल. पण विंडोजमध्ये नव्याने सापडणारी भोकं बुजणार नाहीत, आणि नॉटपेट्या तसल्याच भोकातून पसरला होता. एका वर्षाची वाढीव सुरक्षा अपडेट घेण्याची सोय आहे. नवं मशीन परवडेपर्यंत तिची नोंदणी करून घ्या.

संरक्षकच कधी घात करतो, हेही खरं. १९ जुलै २०२४ रोजी क्राउडस्ट्राइक कंपनीच्या एका सदोष अपडेटने जगभरातले सुमारे ८५ लाख विंडोज कॉम्प्युटर बंद पाडले, आपल्या विमानतळांवर बोर्डिंग पास हाताने लिहून द्यावे लागले. त्यावर उपाय अँटीव्हायरस काढणं हा नव्हे. कोणत्याही एका सॉफ्टवेअरवर सगळा भार टाकू नये, एवढंच त्यातून घ्यायचं.

आणि म्हणून घानातलं ते वीज गेलेलं मशीन. मर्स्कला वाचवलं ते जाळ्यापासून तुटलेल्या प्रतीने. कायम जोडून ठेवलेली बाहेरची हार्डडिस्क हा बॅकअप नव्हे. खंडणी मागणारा व्हायरस तीही कुलूपबंद करतो. आठवड्यातून एकदा डिस्क जोडा, ऑर्डर, हिशेब, फोटो उतरवा, डिस्क काढा आणि कपाटात ठेवा. कारखानदारांनो, येत्या हंगामाच्या ऑर्डरी लवकरच येऊ लागतील. त्याआधी एकदा ढालीवर क्लिक करून ती तारीख पाहा, आणि हजार जीबीची एक डिस्क फक्त याच कामासाठी घेऊन ठेवा.