लेकरू कुणाचे, हे ठरवणारे कोर्ट कुठले?

यात्रेच्या गर्दीत बापाने सात वर्षांच्या मुलाला मोटारसायकलवर पुढे बसवले आणि कराडकडच्या गावातून थेट सांगोल्याला नेले. नवराबायकोचे दोन वर्षांपासून फाटलेले. बायको मुलाला घेऊन माहेरी राहिलेली, मूल तिथल्याच शाळेत दुसरीत. आठ दिवसांत बापाने सोलापूरला पालकत्वाचा अर्जही टाकला. म्हणाला, "पोरगं माझ्याजवळ आहे, तेव्हा कोर्ट माझ्या जिल्ह्याचं."

आमच्या ओळखीच्या घरातली ही गोष्ट. सगळ्या गावाला बापाचेच म्हणणे बरोबर वाटले होते. कायदा मात्र तसे म्हणत नाही.

१८९० सालचा पालक व पाल्य कायदा अजून चालू आहे, आणि तो सर्व धर्मांच्या मुलांना लागू आहे. त्याच्या ९ व्या कलमात साधी गोष्ट सांगितली आहे. मुलाच्या पालकत्वाचा अर्ज, ते मूल सामान्यतः जिथे राहते तिथल्या जिल्हा न्यायालयात करायचा. बाप कुठला, लग्न कुठे लागले, भांडण कुठे झाले, याला इथे महत्त्व नाही. जिथे १९८४ च्या कायद्याप्रमाणे कौटुंबिक न्यायालय आहे तिथे अर्ज त्या न्यायालयात जातो, एवढाच फरक.

"सामान्यतः राहते" म्हणजे काय, यावरच सगळी ओढाताण होते. अर्जाच्या दिवशी मूल कुठे सापडले, एवढ्यावर ते ठरत नाही. सुट्टीत आजोळी गेलेले मूल तिथले रहिवासी होत नाही, तसेच गुपचूप उचलून नेलेलेही होत नाही. मूल कुठल्या शाळेत जाते, किती दिवस राहते आहे, तिथे राहायचे असे घरच्यांनी ठरवले होते का, हे कोर्ट बघते. २०११ साली सर्वोच्च न्यायालयापुढे असाच एक खटला आला होता. आईबाप अमेरिकेत राहणारे; आई मुलाला घेऊन दिल्लीत राहिली, मूल तिथल्या शाळेत जाऊ लागले. बापाने कॅलिफोर्नियाच्या कोर्टाचा हुकूम आणला होता. तरीही सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, मूल दिल्लीत राहते, दिल्लीचे कोर्ट हा अर्ज ऐकू शकते.

म्हणून भगिनींनो, कागद जपून ठेवा. शाळेचा बोनाफाईड दाखला, हजेरी, अंगणवाडीतली नोंद, लसीचे कार्ड. रेशनकार्डावर नाव सासरचेच राहिले असेल तर घाबरू नका. शाळेची रोजची हजेरी त्याहून बोलकी असते.

आणखी एक गल्लत गावोगाव होते. मुलाच्या स्वतःच्या नावावर सातबारा असेल आणि ती जमीन विकायची असेल, तर १९५६ च्या हिंदू अज्ञानत्व व पालकत्व कायद्याप्रमाणे कोर्टाची आगाऊ परवानगी लागते. ती मात्र जमीन जिथे आहे तिथल्या कोर्टाची. मूल कराडला आणि जमीन सांगोल्याला, तर दोन कामांना दोन कोर्टे. तलाठ्याकडे हेलपाटे घालून हे सुटत नाही.

घटस्फोटाचा दावा आधीच चालू असेल तर हिंदू विवाह कायद्याच्या २६ व्या कलमाखाली मुलाच्या ताब्याचा हुकूम तेच कोर्ट देऊ शकते. वेगळा अर्ज टाकण्याआधी वकिलाला हे विचारावे. फीचे पैसे नाहीत म्हणून गप्प बसू नये. १९८७ च्या कायद्याने स्त्रियांना आणि मुलांना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो. तालुक्याच्या कोर्टात विधी सेवा समिती असते, तिथे अर्ज द्यावा.

कोर्ट कुठले हे ठरले म्हणजे मूल कुणाचे हे ठरले, असे मात्र नव्हे. ते पुढचे काम. पाच वर्षांखालचे मूल सहसा आईजवळ राहावे असे १९५६ चा कायदा म्हणतो, पण शेवटी मुलाचे हित बघूनच निकाल होतो. मूल जाणते असेल तर त्याचे म्हणणेही विचारात घेतात.

त्या सांगोल्याच्या बापाचे काय झाले? आईच्या वकिलाने शाळेचे हजेरीपत्रक पुढे ठेवले, आणि सोलापूरचा अर्ज योग्य कोर्टात दाखल करण्यासाठी परत झाला. सातारा जिल्ह्यात आईचा अर्ज लागला. तोवर पावसाळा निघून गेला होता. दोघांचेही एसटीचे आणि वकिलाचे पैसे गेले, आणि पोराची सहामाही बुडाली ती बुडालीच.