एका नावाचे सहा चाफे

एक होता चाफा, असं म्हणून ही गोष्ट सुरू करता येत नाही पोरांनो, कारण चाफा एक नाहीच. सोनचाफा आहे, देवचाफा आहे, हिरवा चाफा आहे, कवठी चाफा, नागचाफा, आणि थेट मातीतून वर येणारा भुईचाफाही आहे. नावं ऐकून वाटतं, सगळी सख्खी भावंडं असणार, नुसता रंग काय तो वेगळा. पण यांतला एक कण्हेरीच्या घरचा, एक सीताफळाच्या घरचा, एक उंडी-सुरंगीच्या घरचा आणि एक तर चक्क आल्या-हळदीच्या घरचा. सख्खे म्हणावेत असे दोघंच, सोनचाफा आणि कवठी. मग या सगळ्यांना एकच नाव कुणी दिलं?

नाकानं दिलं. आपल्या पूर्वजांच्या नाकानं.

मूळ चाफा म्हणजे सोनचाफा, संस्कृतातला चंपक. आपल्या देशात आणि पुढे आग्नेय आशियात हे उंच झाड रानात आपसूक वाढतं. याची कळी निमुळती, सरळ, टोकाशी नाजूक, म्हणून तर एखाद्या मुलीचं नाक चांगलं असलं की तिला चाफेकळी म्हणायची रीत पडली. तुमच्या आजीला लहानपणी हेच म्हणायचे. वसईच्या बागांमधून पहाटे सोनचाफा निघतो, लोकलमधून दादरच्या फुलबाजारात येतो, आणि सकाळच्या गर्दीत कुणाच्या तरी पिशवीत तो आहे हे डोळ्यांना दिसायच्या आधी नाकाला कळतं. असा वास ज्यांच्या ओळखीचा झाला, त्यांना दुसरं कुठलं दाट वासाचं फूल भेटलं की ते त्यालाही चाफाच म्हणायचे. फक्त पुढे एक खूण लावायची. देवळाच्या आवारातला तो देवचाफा, भुईतून येणारा तो भुईचाफा.

आता हे सोनचाफ्याचं फूल हातात घ्या. धाकटे, तू धर. देठाशी बघ, हिरवा पेला दिसतो का? जास्वंदीच्या फुलाखाली असतो तो. नाही ना? जास्वंदीत हिरवी निदलं वेगळी आणि रंगीत पाकळ्या वेगळ्या. सोनचाफ्यात असा भेदच नाही, बाहेरून आतपर्यंत सगळ्या पाकळ्या एकाच जातीच्या, फक्त आत जावं तशा अरुंद होत जातात. एकेक काढत जा. आता मधे जो दांडा उरला, तो बघ. तळाशी पिवळट पुंकेसरांची दाटी, मग थोडी मोकळी जागा, आणि त्याच्या वर हिरवे बारीक स्त्रीकेसर. सगळे मळसूत्रासारखे फिरत वर चढलेले. भिंग आण, म्हणजे नीट दिसेल.

ही रचना फार जुनी आहे. अमेरिकेतल्या कॅन्सस राज्यात सुमारे १० कोटी वर्षांपूर्वीच्या खडकात अशाच मांडणीच्या फुलाफळांचे ठसे सापडले आहेत. शास्त्रज्ञ त्याला आर्किअँथस म्हणतात. तेव्हा पृथ्वीवर डायनोसॉर होते. मधमाश्यांचा आजच्यासारखा पसारा अजून व्हायचा होता, पण भुंगेरे मात्र चिक्कार होते. आणि इथे एक लक्षात ठेवा, भुंगा वेगळा आणि भुंगेरा वेगळा. भुंगा मधमाशीच्या नात्यातला, मध पिणारा. भुंगेरा म्हणजे पाठीवर टणक कवच असलेला किडा, त्याला चावायला जबडे असतात. सोनचाफ्याचं सगळं वागणं या भुंगेऱ्यांच्या मापाचं आहे. मधाचा थेंब ठेवायची त्याला गरज नाही, खायला परागकण पुरेसे. पाकळ्या जाड आणि आतले भाग घट्ट, म्हणजे पाहुण्यानं चार ठिकाणी दात मारले तरी बी धरणारा भाग शाबूत राहावा. फूल उमलताना स्त्रीकेसर आधी तयार होतात आणि पुंकेसर मागाहून परागकण सोडतात. त्यामुळे दुसऱ्या फुलातून आलेले पराग आधी पोचतात, स्वतःचे नंतर बाहेर पडतात.

आपल्या जुन्या कवींना यातली एक बाजू ठाऊक होती. भ्रमर चंपकाकडे फिरकत नाही, असा संकेत संस्कृत आणि हिंदी काव्यात फार पूर्वीपासून आहे. एवढा सुगंध, एवढं सोनं, आणि भ्रमर येत नाही म्हणून कवी हळहळतात. चंपक मात्र हळहळत नसणार. त्यानं आवतण धाडलं होतं भुंगेऱ्याला. वास हेच त्याचं आवतण. आपण ते वाटेत उघडून वाचलं आणि त्यावरून त्याचं नाव ठेवलं.

‘मग बाकीच्या चाफ्यांचं आवतण कुणाला?’ असं थोरला विचारतोय. तेच सांगतो, पण त्याआधी या नावाचा प्रवास ऐका.

सतराव्या शतकात कोचीला डचांचा एक गव्हर्नर होता, हेंड्रिक व्हान ऱ्हीड. त्यानं मलबारच्या वनस्पतींवर बारा खंडांचा प्रचंड ग्रंथ तयार करवून घेतला, ‘हॉर्टस मलबारिकस’. तो १६७८ ते १६९३ या काळात ॲमस्टरडॅमला छापला गेला. त्याला झाडं दाखवणारे, त्यांचे गुण सांगणारे लोक इथलेच होते. इट्टी अच्युतन नावाचे मल्याळी वैद्य होते, आणि रंग भट, विनायक पंडित, आपू भट हे तिघे कोकणी वैद्यही होते. या तिघांची कोकणी भाषेतली, नागरी अक्षरांतली साक्ष त्या ग्रंथाच्या पहिल्या खंडात छापलेली आहे. मला या गोष्टीचा फार अभिमान वाटतो. त्याच पहिल्या खंडात चंपकम् चित्रासकट आहे. पुढे स्वीडनच्या लिनियसनं १७५३ साली जगभरच्या वनस्पतींची नोंदवही लिहिली, तेव्हा सोनचाफ्याच्या शास्त्रीय नावात त्यानं आपला ‘चंपका’ तसाच ठेवला. आज त्याला मॅग्नोलिया चंपका म्हणतात.

आणि गंमत बघा. त्याच १७५३ च्या ग्रंथात देवचाफा आहे, नागचाफा आहे, भुईचाफाही आहे, पण तिघंही वेगवेगळ्या जागी. देवचाफा प्लुमेरिया, नागचाफा मेसुआ, भुईचाफा केंफेरिया. हिरव्या चाफ्याला नाव दिलं लिनियसच्या मुलानं, आणि त्यानं त्याला सीताफळाच्या ओळीत बसवलं. बापलेकांनी वासाकडे न बघता फुलाच्या आत बघितलं होतं. पुंकेसर किती, कसे जोडलेले, यावरून त्यांचा सगळा हिशोब.

आता देवचाफा. काही ठिकाणी याला खुरचाफा म्हणतात. हा आपल्याकडे इतका रुजला आहे की तो परका आहे हे कुणाला सांगून पटत नाही. पण याचं मूळ घर मेक्सिको, मध्य अमेरिका आणि कॅरिबियन बेटं. निकाराग्वाचं ते राष्ट्रीय फूल आहे. युरोपीय लोक अमेरिकेला पोचले, त्यानंतर त्यांच्या जहाजांतून तो पूर्वेकडे आला. फांदी मोडली की पांढरा चीक येतो, तो कण्हेर-तगरीच्या कुळाची खूण. तो डोळ्यात जाऊ द्यायचा नाही, अंगावर पडला तर लगेच धुवायचं.

याला फ्रँजिपानी हे नाव पडलं, तेही नाकामुळेच. इटलीतल्या फ्रँजिपानी घराण्यातल्या एकानं हातमोज्यांना लावायचं अत्तर केलं होतं, ते युरोपात गाजलं. नंतर या फुलाचा वास तसाच वाटला म्हणून फुलाला अत्तराचं नाव चिकटलं, असं सांगतात. म्हणजे आपण जे केलं तेच त्यांनी केलं. लाओसमध्ये तर डोक चंपा म्हणजे देवचाफाच, आणि तेही त्या देशाचं राष्ट्रीय फूल. इंडोनेशियात मात्र चंपाका म्हटलं की सोनचाफा. देवचाफ्याला ते कंबोजा म्हणतात.

देवचाफ्याचा वास दिवसा साधा असतो, रात्री दाट होतो. का? कारण त्याचा पाहुणा रात्री येतो. हॉक मॉथ नावाचे मोठे पतंग असतात, लांब सोंडेचे, हवेत एका जागी तरंगत मध पिणारे. पांढरं फूल त्यांना अंधारात दिसतं, वास लांबून कळतो, आणि फुलाची बारीक नळी सोंडेच्या मापाची. पतंग येतो, सोंड घालतो, आणि आत काहीच नसतं! मधाचा एक थेंब नाही. कोस्टारिकात या झाडाचा अभ्यास झाला, त्याचे निष्कर्ष १९८४ साली प्रसिद्ध झाले. त्यात हा सगळा फसवणुकीचा डाव उलगडला आहे. झाडावर एकाच वेळी पुष्कळ फुलं असतात. पतंग या फुलातून त्या फुलात, या झाडावरून त्या झाडावर शोधत फिरतो, आणि त्या धडपडीत परागकण इकडचे तिकडे होतात.

धाकटीला हे आवडलेलं दिसत नाही. बिचारा पतंग, म्हणते. खरंय, पण त्याला मध देणारी दुसरी फुलं त्याच रानात असतात, त्यामुळे तो उपाशी मरत नाही. आपल्याकडे मात्र देवचाफ्याला शेंगा क्वचितच धरतात. धरल्या तर जोडीनं, दोन शिंगांसारख्या. म्हणून कुणी बी पेरत बसत नाही. फांदी कापायची, चीक सुकेपर्यंत आठवडाभर सावलीत ठेवायची आणि मातीत खोचायची. गावोगावच्या देवळांत जो चाफा आहे तो असा एका फांदीवरून दुसऱ्या फांदीवर चालत आलेला आहे.

हिरवा चाफा मला सगळ्यांत जास्त आवडतो, कारण तो लपतो. फूल पानांच्याच रंगाचं, झुडपासमोर उभं राहूनही दिसत नाही. आणि वास असा की जवळ कुठेतरी फणस पिकलाय वाटावं. फूल पिवळं पडू लागलं की वास आणखी चढतो, मग ते सापडतं. सापडलं की देठ बघा. वाकडा, टणक आकडा असतो. त्या आकड्यानं हे झुडूप शेजारच्या फांदीला धरून वर चढतं. फुलाचा देठच झाडाचा हात. पाकळ्या सहा, तीन बाहेर आणि तीन आत, आणि आतल्या तिघी बुडाशी जवळ येऊन पुंकेसरांवर छोटी बंद खोली करतात. पिकल्या फळासारखा वास आणि आत अंधारी खोली, हेही भुंगेऱ्यासाठीच.

नागचाफ्याचं लाकूड इतकं जड आणि टणक की रेल्वेच्या रुळांखाली घालायला वापरत. लिनियसनं त्याला दिलेलं ‘फेरिया’ हे नाव लोखंडावरून आहे. कोवळी पालवी लालभडक, फूल पांढरं आणि मधे सोनेरी पुंकेसरांचा दाट झुबका. हा श्रीलंकेचा राष्ट्रीय वृक्ष. याचे वाळलेले पुंकेसर म्हणजे औषधातलं नागकेशर. पण आजीच्या गोड्या मसाल्याच्या सामानात जे नागकेशर येतं, ते नीट बघा. पुष्कळदा ती सुरंगीची वाळवलेली कळी असते. म्हणजे चाफा हे नाव एकानं दुसऱ्याकडून घेतलं, आणि त्याचंच नागकेशर तिसऱ्याला मिळालं!

भुईचाफ्याचं थोडक्यात. उन्हाळ्यात जमीन कोरडीठाक, वर पान नाही, काही नाही, आणि एका सकाळी मातीतून थेट पांढरं-जांभळं फूल. कंदात साठवलेल्या अन्नावर ते फुलतं. पानं पावसाबरोबर मागून येतात.

तर माणसानं वासावरून नाव ठेवलं, लिनियसनं फुलाचे अवयव मोजले. पण पोरांनो, तिसरं एक जण आहे ज्याला चाफ्यांची नाती या दोघांच्या आधीपासून कळतात. काळ्या पंखांवर हिरवे ठिपके असलेलं, एका जागी न ठरणारं एक फुलपाखरू बागेत येतं, बघितलंय ना? टेल्ड जे म्हणतात त्याला. त्याची मादी अंडी घालायला पान निवडते, तेव्हा पानावर पुढचे पाय टेकवून चव घेते. हो, पायांनी. तिला सोनचाफा चालतो, हिरवा चाफा चालतो, सीताफळ चालतं, रस्त्याकडेचा उंच सरळ अशोक चालतो. देवचाफ्याकडे ती ढुंकूनही बघत नाही. शास्त्रज्ञ म्हणतात, सोनचाफा आणि सीताफळ यांची कुळं एकाच मोठ्या घराण्यातली. पानांच्या रसातली काही द्रव्यं त्यांच्यात सारखी असतात, आणि मादी त्यांनाच ओळखते.

उद्या सकाळी सोनचाफ्याची आणि अशोकाची कोवळी पानं उलटी करून बघा. लहान अळी गडद तपकिरी असते, मोठी झाली की हिरवी होते आणि डोक्याजवळ बारीक काटे दिसतात. सापडली तर गवताच्या काडीनं तिला हलकेच एकदा शिवा. डोक्यामागून ती एक मऊ, दुभागलेलं शिंग बाहेर काढेल आणि उग्र वास सोडेल. हा वास शत्रूला हाकलण्यासाठी आहे. एकदाच करायचं हं, परत परत नाही, तिला दिवसभर पान खायचं असतं.