नऊची करामत

शाळेतल्या प्रश्नमंजूषेत मुलांना आकड्यांची कोडी घालतात. आपल्याला वाटते, हा पोरांचा खेळ. पण त्यांतले एक कोडे मोठ्या माणसांच्याही कामाला येते. वाण्याच्या चिठ्ठीला येते आणि बचत गटाच्या वहीलाही येते. ते कोडे नऊ या आकड्याचे. पाटी-पेन्सिल घ्या, नाहीतर कागद घ्या. वाचता वाचता करून पाहू.

आधी नऊचा पाढा म्हणा. नऊ एके नऊ, नऊ दुणे अठरा, नऊ त्रिक सत्तावीस, नऊ चोक छत्तीस. आता हे आकडे लिहा : ९, १८, २७, ३६. अठरामधले एक आणि आठ मिळवा. किती झाले? नऊ. सत्तावीसमधले दोन आणि सात मिळवा. पुन्हा नऊ. पाढा संपला तरी पुढे जा. नऊ गुणिले सदतीस म्हणजे ३३३. तीन, तीन आणि तीन मिळून नऊच!

असे का होते? यात जादू काही नाही. शंभराची एक नोट घ्या. तिच्या सुट्या रुपयांचे नऊ-नऊचे ढीग करा. अकरा ढीग होतील, म्हणजे ९९ रुपये. हातात एक रुपया उरेल. दहाच्या नोटेचा एक ढीग होईल आणि तिथेही एक रुपया उरेल. आता २३४ रुपये घ्या. दोन शंभरांचे उरले दोन, तीन दहांचे उरले तीन, आणि सुटे चार. दोन, तीन, चार मिळून नऊ. त्यांचाही ढीग झाला, उरले काही नाही. म्हणजे संख्येतले आकडे मिळवले, की नऊचे ढीग करून मागे काय उरते ते कळते. एवढेच यातले गुपित.

आता हे गुपित बाजारात नेऊ. समजा, वाण्याने चिठ्ठी दिली :

तांदूळ २४५ रुपये
तूरडाळ १६८ रुपये
तेल १८७ रुपये
साखर ९२ रुपये
एकूण ७१२ रुपये

प्रत्येक रकमेचे आकडे मिळवा. एकच आकडा राहीपर्यंत मिळवत जा. २४५ चे दोन, चार, पाच मिळून ११. त्यातले एक आणि एक मिळून २. याच रीतीने १६८ चे ६, १८७ चे ७ आणि ९२ चे २. हे सगळे मिळवा : २, ६, ७ आणि २ म्हणजे १७. एक आणि सात मिळून ८. आता एकूण रकमेचे पाहू. ७१२ चे सात, एक, दोन मिळून १०, म्हणजे १. इकडे ८, तिकडे १. जमले नाही! बेरीज चुकली, हे नक्की. शांतपणे म्हणा, "शेठ, जरा पुन्हा बेरीज करता का?" खरी बेरीज ६९२ आहे. वीस रुपये वाचले. शेठने मुद्दाम केले असेल असे मात्र नाही. घाईत हातचा चुकतो, कोणाचाही चुकतो.

पण एक गोष्ट नीट ध्यानात ठेवा. जमले नाही, तर चूक नक्की आहे. जमले, म्हणून बेरीज बरोबरच आहे असे नाही. कोणी ६९२ च्या जागी ९६२ लिहिले, तर आकडे तेच, फक्त जागा बदलली. दोन्हींचे ८ च येतात. ही चूक नऊच्या हाती लागत नाही.

मग अशा वेळी काय करायचे? तिथेही नऊच धावून येतो. ९६२ मधून ६९२ वजा करा. राहिले २७०. त्यातले दोन आणि सात मिळून नऊ. आकड्यांची अदलाबदल झाली, की फरकाला नऊने नेहमी पूर्ण भाग जातो. जुने हिशेबनीस ही खूण ओळखतात.

समजा, बचत गटाच्या पेटीत ९० रुपये कमी भरले. वही सांगते एक, पेटी सांगते दुसरे. बायका कुजबुजू लागतात. पेटी जिच्या घरी, तिच्याकडे सगळ्यांचे डोळे वळतात. थांबा! ९० ला नऊने भाग जातो का? जातो. मग आधी वही पाहा. कोणाचे ४५० रुपये ५४० म्हणून तर लिहिले नाहीत ना? तसे सापडले, तर पैसे कुठे गेलेच नव्हते. सापडले नाही, तर दुसरीकडे शोध घ्या. पण वही न पाहता कोणाच्या इमानावर बोट ठेवू नका. पैसा पुन्हा मिळतो, गेलेली अब्रू लवकर परत येत नाही.

याच नऊच्या घरातली आणखी एक गंमत आपल्या महाराष्ट्रात सापडली. नाशिकजवळ देवळालीला दत्तात्रय रामचंद्र कापरेकर नावाचे शिक्षक होते. त्यांचा जन्म १९०५ सालचा, डहाणूचा. ते शाळेत मुलांना शिकवीत आणि फावल्या वेळी आकड्यांशी खेळत. १९४९ साली त्यांनी एक नवल दाखवले. चार आकडी संख्या घ्या. चारही आकडे सारखे नकोत. समजा, ३८२६. तिच्यातले आकडे मोठ्याकडून लहानाकडे मांडा : ८६३२. मग उलटे मांडा : २३६८. वजा करा. आलेल्या उत्तराचे पुन्हा तसेच करा.

८६३२ − २३६८ = ६२६४
६६४२ − २४६६ = ४१७६
७६४१ − १४६७ = ६१७४

६१७४ आले, की पुढे किती वेळा करा, ६१७४ च येते. कोणतीही अशी संख्या घ्या, फार तर सात वजाबाक्यांत ६१७४ वर येऊन थांबते. मध्ये उत्तर तीनच आकडी आले, तर पुढे शून्य लिहून चार आकडे करा. आता ६, १, ७, ४ मिळवा. १८ होतात, म्हणजे नऊच! आकड्यांची नुसती जागा बदलून वजा केले, तर फरकाला नऊने भाग जाणारच. हे आपण वहीत पाहिलेच आहे.

आज साऱ्या जगात ६१७४ ला कापरेकरांच्या नावाने ओळखतात. त्यासाठी त्यांना यंत्र लागले नाही. कागद, पेन्सिल आणि चिकाटी पुरली. ती आपल्याजवळही आहे.

करून पाहा

१. घरातली एखादी जुनी चिठ्ठी काढा आणि नऊच्या रीतीने तपासा.

२. मुलांना सांगा : तीन आकडी संख्या मनात धरा. तिच्यातले आकडे मिळवून ती बेरीज त्याच संख्येतून वजा करा. उत्तरातला शून्य सोडून कोणताही एक आकडा लपवा आणि बाकीचे सांगा. त्यांनी ५ आणि ७ सांगितले, तर ते झाले १२. नऊच्या पाढ्यात पुढे १८ येतात. १८ ला ६ कमी, म्हणून लपवलेला आकडा ६. बाकीच्यांची बेरीज ९ किंवा १८ झाली, तर लपवलेला आकडा ९.

३. आपल्या जन्माचे साल घ्या आणि किती वजाबाक्यांत ६१७४ येते ते मोजा.