निळ्या कुत्रीचा सोबती

संध्याकाळीं आमच्या बजाजनगरांत कारखान्यांची पाळी सुटून वडील मंडळी घरीं येतात, तेव्हां मुलें टीव्हीपुढें बसलेलीं असतात. आपण हांक मारावी तर ओ मिळत नाहीं. पण पडद्यावरच्या मनुष्यानें कांहीं विचारलें, कीं उत्तर तयार! अशाच एका अमेरिकन मनुष्याची हकीकत वाचकांस सांगावीशी वाटते.

स्टीव्ह बर्न्स हें त्याचें नांव. १९९६ च्या सप्टेंबरांत निकेलोडियन वाहिनीवर 'ब्लूज् क्लूज्' हा लहान मुलांचा कार्यक्रम सुरू झाला. अंगांत हिरव्या पट्ट्यांचा सदरा घातलेला स्टीव्ह आणि चित्रांतली एक निळी कुत्री, अशी ही जोडी. प्रश्न विचारून तो गप्प राही आणि मुलांच्या उत्तराची वाट पाही. मोठीं माणसें मुलांस प्रश्न पुष्कळ विचारतात, वाट पाहणारीं थोडीं!

२००२ सालीं त्याच्या निरोपाचा भाग दाखविण्यांत आला. गोष्टींत तो कॉलेजांत गेला. खरें पाहतां त्याचे केस विरळ होऊं लागले होते, आणि तो मनाच्या गंभीर आजारानें ग्रासला होता. ही दुसरी गोष्ट त्यानें पुढें बऱ्याच वर्षांनीं उघड सांगितली. तो मरण पावल्याच्या कंड्या तर आधींपासूनच पिकत होत्या.

पुढें या गृहस्थानें हातीं घेतलें रॉक संगीत! ऑगस्ट २००३ मध्यें त्याचा 'साँग्ज फॉर डस्टमाइट्स' हा गीतसंग्रह निघाला. डस्टमाइट म्हणजे गादी-उशीच्या धुळींत राहणारा, नुसत्या डोळ्यांस न दिसणारा जीव. 'फ्लेमिंग लिप्स' या वाद्यवृंदांतील स्टीव्हन ड्रोझ्ड याचें त्यास साह्य होतें.

रसिकांस जुनी ओळख सहजासहजीं पुसतां येत नाहीं. आमच्याच जिल्ह्यांतील पैठणच्या एकनाथमहाराजांची भूमिका बालगंधर्वांनीं १९३५ सालीं प्रभातच्या 'धर्मात्मा' चित्रपटांत केली. ज्यांनीं त्यांस भामिनी, रुक्मिणी म्हणून डोळे भरून पाहिलें होतें, त्यांस तो पुरुषवेष मानवला नाहीं. बालगंधर्व पुनः रंगभूमीवरील शालूकडे वळले.

 बर्न्सचीं गाणीं फार खपलीं असें नव्हे. तरी त्यांतील 'मायटी लिटल मॅन' हें गाणें २०१७ पासून 'यंग शेल्डन' या मालिकेचें शीर्षकगीत झालें. ती मालिकाही एका लहान मुलाचीच, ही गंमत पाहा! त्याच वर्षीं ड्रोझ्डबरोबर त्यानें मुलांसाठीं एक गीतसंग्रहही काढला.

२०२१ मध्यें कार्यक्रमास पंचवीस वर्षें झालीं, तेव्हां त्यानें आपल्या जुन्या बालश्रोत्यांस उद्देशून चार शब्द सांगितले. तीं मुलें आतां नोकरी-संसाराच्या विवंचनेंत होतीं. त्यांतल्या कित्येकांनीं डोळे पुसले. पुढें २०२४ सालीं तो पुनः पडद्यावर आला, कसें काय चाललें आहे असें त्यानें विचारलें, आणि मग जवळजवळ मिनिटभर कांहींएक न बोलतां, मान डोलवीत ऐकत राहिला.