थंड पाण्याने आंघोळ केली की चरबी खरंच जळते का?

गेल्या डिसेंबरात बाबांनी मला एक रील फॉरवर्ड केली. बर्फाच्या टबात बसलेला एक पोरगा सांगत होता, 'रोज दहा मिनिटं, पोट गायब!' बाबांना बीपीची गोळी चालू आहे आणि दुसऱ्या दिवशी पहाटे ते गीझर न लावताच बाथरूममध्ये शिरले. म्हणून मी हा विषय नीट वाचून काढला.

मित्रांनो, रील अर्धी खरी आहे. पोटावरची पांढरी चरबी म्हणजे साठवण, पॉवर बँकेसारखी. पण मानेजवळ, गळ्याच्या हाडाच्या वर आणि मणक्याच्या बाजूने थोडीशी तपकिरी चरबीही असते. तिच्या पेशींत मायटोकॉन्ड्रिया खच्चून भरलेले असतात. त्यांच्यातल्या लोहामुळे तिला तो रंग येतो. थंडी वाजली की मेंदूकडून सिग्नल जातो, नॉरअ‍ॅड्रेनॅलिन सुटतं आणि यूसीपी-१ नावाचं प्रोटीन कामाला लागतं. मग जळालेल्या इंधनाची सरळ उष्णता होते. गेम खेळताना फोन तापतो ना, तसं. फक्त इथे तापणं हेच काम!

ही चरबी तान्ह्या बाळांतच असते (त्यांना नीट कुडकुडता येत नाही), असा बरीच वर्षं समज होता. पण कॅन्सरच्या पेट स्कॅनमध्ये मोठ्या माणसांच्या मानेजवळही काही भाग उजळलेले दिसायचे. या स्कॅनआधी साखरेसारखं किरणोत्सारी द्रव्य टोचतात. जी पेशी ते जास्त ओढते ती चमकते. गंमत म्हणजे पेशंटला उबदार ठेवलं की ही चमक कमी व्हायची. शेवटी २००९ मध्ये तीन संशोधनं एकदमच प्रसिद्ध झाली आणि मोठ्यांतही ही चरबी असते हे पक्कं झालं.

मग पोट गायब? २०१३ च्या एका जपानी प्रयोगात काही तरुणांना सहा आठवडे, रोज दोन तास १७ अंश सेल्सिअसला बसवलं. चरबी सरासरी किलोभरही उतरली नाही. दहा मिनिटांच्या आंघोळीचा हिशोब तुम्हीच करा. वर गारठ्यानंतर भूक लागते, ती वेगळीच.

आणि हो, फिटनेस बँडवर विसंबू नका. तो नाडी आणि हालचालीवरून कॅलरीचा अंदाज बांधतो, तपकिरी चरबी त्याला दिसत नाही.

बाबांना मी एवढंच सांगितलं की अंगावर एकदम गार पाणी पडलं की रक्तवाहिन्या आवळतात आणि बीपी झटकन चढतं. डॉक्टरांनीही तेच सांगितल्यावर गीझर पुन्हा सुरू झाला. रील मात्र अजून सोसायटीच्या ग्रुपवर फिरतेय.